गोठणारे पाणी आणि तहानलेली गुरे

जनावरांची तहान म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर चैत्र-वैशाखातील दृश्य उभे राहते. विहिरीने तळ गाठलेला असतो, ओढ्याच्या पात्रात नुसती वाळू तापत असते, आणि गावाबाहेरच्या दगडी डोणीभोवती गुरे ताटकळत उभी असतात. आपल्याकडे तहान ही उन्हाची लेक आहे. त्यामुळे थंडीने तहानलेले जनावर ही कल्पना प्रथमदर्शनी आपल्याला विपरीत वाटते. परंतु पृथ्वीच्या उत्तरेकडील फार मोठ्या प्रदेशात गुरांच्या तहानेचा ऋतू वैशाख नसून पौष-माघ हा आहे. तेथे डोणी भरलेली असते, ओढाही आटलेला नसतो. केवळ त्या पाण्याचा दगड झालेला असतो. पाणी समोर दिसत असता ते पिता येऊ नये, ही अवस्था दुष्काळाहून कमी क्रूर म्हणता येणार नाही. या अवस्थेतून गुरांना सोडविण्यासाठी अमेरिकेतील आणि कॅनडातील शेतकऱ्यांनी गेल्या दीड शतकात जी खटपट केली, तिचा इतिहास मी आज सांगणार आहे. तो राजांचा किंवा लढायांचा इतिहास नाही. कुऱ्हाड, शेगडी, नळ आणि तार यांचा तो इतिहास आहे; पण लक्षावधी मुक्या जिवांचे सुखदुःख त्याच्याशी बांधलेले आहे.

प्रथम गरज किती असते ते पाहू. भरपूर दूध देणारी गाय दिवसाला शंभर लिटर किंवा त्याहूनही अधिक पाणी पिते. यात नवल नाही, कारण दुधाच्या शंभर भागांपैकी सुमारे सत्त्याऐंशी भाग पाणीच असते. दूध न देणारी, केवळ मांसासाठी पाळलेली गाय भर हिवाळ्यातही पंचवीस-तीस लिटर पाणी मागते. उन्हाळ्यातील हिरव्या चाऱ्यातून गुरांच्या पोटात आपोआप बरेच पाणी जाते. हिवाळ्यात मात्र त्यांच्यापुढे वाळलेली वैरण पडते. ती पचविण्यास पाणी हवेच. पाणी कमी पडले तर जनावर हंबरडा फोडत नाही. ते मुकाट्याने खाणे कमी करते. खाणे कमी झाले की शरीरातील ऊब कमी होते, दूध आटते, पोटातील वासराचे पोषण खुंटते. उपासमार चटकन दिसते, थंडीतील तहान मात्र दिसत नाही. तिच्याकडे दीर्घकाळ दुर्लक्ष झाले याचे हेच कारण असावे.

आता पाण्याच्या स्वभावाविषयी दोन शब्द. इसवी सन १७६० नंतरच्या काही वर्षांत ग्लासगो येथील विद्यापीठात जोसेफ ब्लॅक या शास्त्रज्ञाने एक महत्त्वाची गोष्ट दाखवून दिली. बर्फ शून्य अंशावर येऊन पोहोचले तरी लगेच वितळत नाही. त्याला वितळण्यासाठी पुष्कळ उष्णता द्यावी लागते, आणि ती देत असता तापमापकाचा पारा जागचा हलत नाही. या लपून राहणाऱ्या उष्णतेला आपण सुप्त उष्णता म्हणतो. तिचे मान असे की, एक किलोग्रॅम बर्फाचे शून्य अंशाचे पाणी करण्यास जेवढी उष्णता लागते, तेवढ्याच उष्णतेत तेच पाणी पुढे ऐंशी अंशांपर्यंत तापवता येईल. गोठलेली टाकी वितळविणे इतके महाग का पडते आणि ती गोठूच न देणे त्यामानाने इतके स्वस्त का, याचे उत्तर या एका नियमात आहे. दुसरा नियम असा की, पाणी सुमारे चार अंशांवर सर्वांत जड असते. त्याहून थंड झालेले पाणी वर येते, म्हणून बर्फ पृष्ठभागापासून धरू लागते. तिसरा नियम नळ जोडणाऱ्याला चांगलाच ठाऊक असतो. गोठताना पाणी सुमारे नऊ टक्क्यांनी फुगते, आणि लोखंडी नळालाही फोडते. गुरांना पाणी पाजण्याच्या साऱ्या साधनांची उत्क्रांती या तीन नियमांशी झगडत, आणि अखेरीस त्यांच्याशी तह करीत झालेली आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेच्या मध्यभागातील विस्तीर्ण गवताळ मैदानांवर गुरांचे प्रचंड कळप मोकळे सोडले जात. त्यांना कुंपण नव्हते, गोठा नव्हता, आणि मालकाने साठविलेली वैरणही नव्हती. नदी-ओढ्यांवर जाऊन त्यांनी पाणी प्यावे आणि बर्फाखालील गवत खुरांनी उकरून खावे, अशी मालकांची कल्पना होती. काही वर्षे हिवाळे सौम्य गेले आणि ही कल्पना खरी वाटू लागली. मग १८८६ चा उन्हाळा कोरडा गेला, गवत खुरटले, आणि पाठोपाठ आलेल्या १८८६-८७ च्या हिवाळ्यात हिमवादळांनी थैमान घातले. बर्फावर कठीण कवच धरले, ओढे गोठले. गवतही मिळेना आणि पाणीही मिळेना. माँटाना, वायोमिंग आणि डकोटा या प्रदेशांत गुरे अगणित मेली. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेले थिओडोर रूझवेल्ट यांचेही डकोटात कुरण होते. त्यांच्या अर्ध्याहून अधिक जनावरांचा त्या हिवाळ्याने बळी घेतला. माँटानातील चार्ल्स रसेल या तरुण गुराख्याने त्या वेळी एक लहानसे चित्र रंगविले. त्यात हाडांचा सापळा झालेले एक जनावर बर्फात एकटे उभे आहे आणि लांडगे त्याच्या पडण्याची वाट पाहत आहेत. मालकाला कळपाची खबर देण्यासाठी धाडलेले हे चित्रच रसेलच्या कीर्तीचा आरंभ ठरले.

त्या हिवाळ्याने एक धडा शिकविला. जनावर आपले आहे असे म्हणावयाचे असेल, तर त्याच्या हिवाळ्याची जबाबदारीही आपली मानली पाहिजे. तिकडे १८७४ साली इलिनॉय राज्यातील जोसेफ ग्लिडन याने काटेरी तारेचा एकाधिकार मिळविला होता, आणि कुंपणे झपाट्याने वाढत होती. कुंपणाने गुरे मालकाच्या हाती आली खरी, परंतु नदीचा मार्गही त्यांना बंद झाला. ज्याने कुंपण घातले त्याला पाणी आणून देणे भाग पडले. हे काम पवनचक्कीने केले. डॅनियल हॅलडे याने १८५४ साली कनेक्टिकट राज्यात अशी पवनचक्की सिद्ध केली की, जी वाऱ्याकडे आपोआप तोंड फिरवी आणि वारा अनावर झाला की स्वतःच आपला वेग आवरी. पुढे टॉमस पेरी याने निरनिराळ्या आकारांच्या पात्यांवर हजारो प्रयोग केले, आणि त्या प्रयोगांच्या आधारावर १८८८ पासून शिकागो येथे पोलादी पवनचक्क्या तयार होऊ लागल्या. विहीर, तिच्यावर फिरणारी पवनचक्की आणि पायथ्याशी गुरांची टाकी हे त्रिकूट त्या मैदानांची खूणच बनले. आपल्याकडे मोट, थारोळे आणि हाळ यांचा जो संबंध, तोच येथेही होता. फरक एवढाच की, बैलांच्या जागी वारा राबत होता.

वारा पाणी वर आणी, परंतु ते पातळ ठेवणे त्याच्या हाती नव्हते. पंपाच्या उभ्या नळात थांबलेले पाणी गोठून नळ फुटू नये, म्हणून जमिनीखाली, थंडी पोहोचत नाही एवढ्या खोलीवर, नळाला एक बारीक भोक पाडीत. पंप थांबला की वरचे पाणी त्या भोकातून हळूहळू विहिरीत उतरे. ही युक्ती साधी असली तरी तिने पुढील अनेक युक्त्यांचे बीज पेरले. टाकीतील पाण्याला मात्र असा आसरा नव्हता. त्याच्यावर एका रात्रीत जाड थर धरे, आणि सकाळी घरातील कोणाला तरी, बहुधा वाढत्या वयाच्या मुलाला, कुऱ्हाड घेऊन बाहेर पडावे लागे. फोडलेले भोक तासाभरात पुन्हा बुजे. ज्यांच्याकडे टाकी नव्हती ते गोठलेल्या ओढ्यावर भोके पाडीत. तेथे गुरे घसरत, त्यांचे पाय मोडत, क्वचित बर्फ खचून ती आत जात. माणसालाही यात धोका होता. १२ जानेवारी १८८८ रोजी सकाळी डकोटा आणि नेब्रास्का भागातील हवा एकाएकी सौम्य झाली होती, म्हणून अनेक शेतकरी गुरांच्या चाऱ्यापाण्यासाठी निर्धास्तपणे बाहेर पडले. दिवस मावळण्यापूर्वीच उत्तरेकडून हिमवादळ कोसळले आणि तापमान भयंकर घसरले. त्या वादळात सुमारे २३५ माणसे मरण पावली असा अंदाज आहे. शाळेतून परतणारी मुले त्यांत होती, आणि गुरांच्या मागे गेलेले बापही होते.

कुऱ्हाडीनंतर आली ती शेगडी. टाकीत बुडवून ठेवण्याची एक ओतीव लोखंडाची शेगडी कारखान्यांतून मिळू लागली. तिचे पोट पाण्याखाली राही, तोंड आणि धुराडे तेवढे वर असे. लाकूड, कोळसा, किंवा मक्याचे दाणे काढून उरलेली कणसे तिच्यात जाळीत. आपल्या घरांतील तांब्याचा बंब ज्यांना आठवतो, त्यांना हे यंत्र ओळखीचे वाटेल. पाण्याच्या मध्यभागी जाळ आणि जाळाभोवती पाणी, हीच त्यातील रचना. परंतु बंब आपण सकाळी घटकाभर पेटवितो. ही शेगडी पहाटेपासून पेटती ठेवावी लागे, राख उपसावी लागे, आणि उघड्या टाकीच्या विस्तीर्ण पृष्ठभागावरून तिची बहुतेक ऊब आकाशात निघून जाई. हा खर्च सार्थकी लागतो काय, असा प्रश्न उत्पन्न झाला तेव्हा विस्कॉन्सिनमधील कृषी-संशोधन केंद्रात फ्रँकलिन किंग यांनी १८८० च्या दशकाच्या अखेरीस प्रयोग केले. काही गाईंना गोठणबिंदूजवळचे पाणी आणि काहींना कोमट पाणी देऊन त्यांनी दूध आणि चारा यांचे हिशेब ठेवले. कोमट पाणी पिणाऱ्या गाई अधिक प्याल्या आणि दूधही काहीसे अधिक देत्या झाल्या. लाभ डोळे दिपविणारा नव्हता. पण गुरांच्या पाण्याचा विचार मोजमापाने करता येतो, ही दृष्टी त्या प्रयोगांनी दिली. हेच किंग पुढे चीन, कोरिया आणि जपान येथील शेतीवरील त्यांच्या १९११ सालच्या ग्रंथामुळे जगप्रसिद्ध झाले.

याच सुमारास विस्कॉन्सिनच्या परिसरात दुग्धव्यवसाय भरभराटीस येत होता. गाई आता हिवाळाभर बंद गोठ्यात राहू लागल्या. गोठ्यात एक निसर्गदत्त शेगडी असतेच. ती म्हणजे गाईंचे शरीर. वीस-तीस गाई एकत्र बांधल्या की त्यांच्या उबेनेच गोठ्यातील हवा गोठणबिंदूच्या वर राहू शकते. मग पाण्यासाठी त्यांना बाहेरच्या बर्फात का न्यावे? या विचारातून प्रत्येक गाईसमोर बसविण्याची लोखंडी वाटी निघाली. वाटीत एक लहान पट्टी असे. गाईने नाकाने ती दाबली की झडप उघडून पाणी येई, नाक काढले की ते बंद होई. काही वाट्यांत त्याऐवजी तरता गोळा असे, आणि पाण्याची पातळी तोच राखी. गाई ही कला एक-दोन दिवसांत शिकतात. आयोवा राज्यातील कृषी-संशोधन केंद्राने पुढे तुलना करून पाहिली, तेव्हा दिवसातून दोनदा बाहेर नेऊन पाजलेल्या गाईंपेक्षा वाटीतून हवे तेव्हा पिणाऱ्या गाईंनी अधिक पाणी घेतले आणि दूधही अधिक दिले. ‘स्वयंचलित’ या शब्दाचा खरा अर्थ येथे ध्यानात येतो. यंत्र आपोआप चालते एवढ्यावर तो संपत नाही. केव्हा आणि किती प्यावे हे ठरविण्याचा हक्क जनावराला परत मिळतो.

परंतु सगळी जनावरे गोठ्यात मावत नाहीत. डुकरे, मेंढ्या, मांसासाठी वाढविलेली गुरे बाहेरच्या वाड्यातच राहिली. आयोवातील टॉमस रिची याने १९२१ साली अशा जनावरांसाठी स्वयंचलित पाणपात्र बनविले, आणि तेथून या साधनाचा स्वतंत्र धंदा उभा राहिला. त्या काळच्या पाणपात्रांत तळाशी रॉकेलचा एक लहान दिवा लावीत, आणि त्या दिव्याच्या आचेवर पाणी पातळ राही. कोंबड्यांच्या पाण्याखालीही असेच दिवे असत. संध्याकाळी अंगणातून दिवे लावीत जाणारी शेतकऱ्याची बायको हे चित्र आपल्याला ओळखीचे वाटेल. मात्र ते दिवे देवापुढचे नसून डुकरा-कोंबड्यांच्या पाण्याखालचे असत. वारा आला की दिवा विझे, आणि सकाळी पुन्हा कुऱ्हाड हाती घ्यावी लागे.

दरम्यान जमिनीच्या पोटात एक शांत क्रांती चालली होती. थंड प्रदेशात हिवाळ्यात जमीन वरून खाली गोठत जाते. परंतु एका विशिष्ट खोलीच्या खाली ती कधीच गोठत नाही. त्या खोलीला आपण गोठणरेषा म्हणू. आयोवासारख्या राज्यात ती सुमारे चार-पाच फुटांवर मानतात. कॅनडाच्या मैदानांत नळ आठ-आठ फूट खोल पुरावे लागतात. या रेषेखालचे पाणी जानेवारीतही पातळ असते. प्रश्न राहतो तो तेथून वर येण्याच्या शेवटच्या काही फुटांचा. त्यासाठी जो नळ निघाला, त्याचा दांडा वर आणि झडप मात्र गोठणरेषेच्या खाली असते. दांडा उचलला की पाणी चढते; खाली केला की झडप मिटते, एक छिद्र उघडते आणि उभ्या नळातील पाणी खालच्या खडीत झिरपून जाते. रिकाम्या नळात गोठण्यासारखे काही उरतच नाही. पवनचक्कीच्या नळाला पाडलेल्या त्या बारीक भोकाचीच ही सुधारलेली आवृत्ती होय.

यानंतर या इतिहासात शासनाचा प्रवेश होतो. १९३० च्या दशकाच्या मध्यास अमेरिकेच्या शहरांत विजेचा झगमगाट होता, पण दहा शेतांपैकी जेमतेम एका शेतावर वीज पोहोचली होती. दूरदूर विखुरलेल्या घरांपर्यंत तारा नेणे परवडत नाही, असे खाजगी वीजकंपन्यांचे म्हणणे होते. ११ मे १९३५ रोजी राष्ट्राध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांनी ग्रामीण विद्युतीकरणासाठी एक खास प्रशासन स्थापन केले, आणि १९३६ साली त्याला कायद्याचा आधार मिळाला. या प्रशासनाने स्वतः वीज विकली नाही. शेतकऱ्यांनी सहकारी संस्था काढाव्यात आणि शासनाने त्यांना अल्प व्याजाने दीर्घ मुदतीचे कर्ज द्यावे, अशी ती योजना होती. वीस वर्षांच्या आत दहांपैकी नऊहून अधिक शेतांवर वीज आली. भारतात १९६९ साली ग्रामीण विद्युतीकरण महामंडळ स्थापन झाले, तेव्हा आपल्या शेतावर विजेचे पहिले काम विहिरीवरचा पंप चालविणे हे होते. तिकडे बर्फाळ राज्यांत दूध काढणे, पाणी चढविणे आणि ते गोठू न देणे हीही विजेची कामे झाली.

विजेच्या या कामाला दोन जुने शोध उपयोगी पडले. १९०६ साली आल्बर्ट मार्श याने निकेल आणि क्रोमियम यांच्या मिश्रधातूचा एकाधिकार घेतला होता. त्या धातूची तार लाल होईपर्यंत तापली तरी जळून जात नाही. दुसरा शोध तापनियंत्रकाचा. विस्कॉन्सिनमधील व्हाइटवॉटर येथे वॉरन जॉन्सन हे अध्यापक होते. वर्गातील शेगड्यांची ऊब पाहण्यासाठी शिपाई तासातासाला आत येई आणि शिकविण्यात व्यत्यय येई. त्यावर उपाय म्हणून त्यांनी विजेवर चालणारा तापनियंत्रक तयार केला आणि १८८३ साली त्याचा एकाधिकार मिळविला. न जळणारी तार आणि स्वतः निर्णय घेणारा नियंत्रक एकत्र आले, आणि पाणपात्राच्या तळाशी रॉकेलच्या दिव्याची जागा त्यांनी घेतली. पाणी गोठणबिंदूजवळ आले की विद्युतप्रवाह सुरू व्हावा, थोडे तापले की थांबावा. कुऱ्हाड खुंटीला टांगली गेली. रात्री उठून टाकी पाहण्याची पाळी टळली. एका संपूर्ण पिढीच्या हिवाळ्यातील पहाटा या लहानशा यंत्राने तिला परत दिल्या.

तथापि, प्रत्येक सोय आपल्याबरोबर एक अवलंबित्व आणते. हिमवादळात तारा तुटतात; म्हणजे ज्या रात्री यंत्राची सर्वाधिक गरज, नेमकी त्याच रात्री ते मुके होण्याची भीती. शिवाय एक विचित्र संकट १९७० आणि १९८० च्या दशकांत विशेष चर्चेस आले. सदोष जोडणीमुळे किंवा जमिनीतून परतणाऱ्या प्रवाहामुळे लोखंडी पाणपात्र आणि गाईच्या पायांखालची ओली जमीन यांत काही थोड्या व्होल्टचा फरक पडतो. माणसाच्या बुटाला तो जाणवतही नाही. ओल्या नाकाने पाण्याला स्पर्श करणाऱ्या, चार पायांवर उभ्या असलेल्या गाईला मात्र तो जाणवतो. गाय पाण्याजवळ येते, बिचकते, मागे सरते. पाणी भरलेले, कोमट, स्वच्छ. आणि गाय तहानलेली. मालक पाण्यात दोष शोधतो, चाऱ्यात शोधतो, गाईच्या प्रकृतीत शोधतो. दोष असतो तारेच्या जोडणीत. आपण जनावरासाठी केलेली व्यवस्था जनावराच्या जागी उभे राहून तपासली पाहिजे, हा त्यातील धडा केवळ गोपालकांपुरता नाही. कोणतीही योजना राबविणाराने तो लक्षात ठेवण्यासारखा आहे.

१९७३ च्या तेलसंकटानंतर ऊर्जेचे मोल सर्वांना कळले, आणि विचाराची दिशा पालटली. उष्णता अधिक घालण्यापेक्षा असलेली उष्णता जाऊ का द्यावी? १९८० च्या दशकात जाड प्लास्टिकच्या दुहेरी भिंती, मध्ये उष्णतारोधक फेस, आणि तोंडावर तरंगणारे मोठे पोकळ चेंडू अशी पाणपात्रे प्रचारात आली. गाय नाकाने चेंडू खाली ढकलते, पिते, आणि नाक काढताच चेंडू वर येऊन भोक बुजवितो. पात्राखाली जमिनीत एक रुंद पोकळ नळा गोठणरेषेच्या पलीकडे उतरविलेला असतो, आणि त्यातून भूगर्भाची मंद ऊब सतत वर येत राहते. यात ना दिवा आहे, ना तार.

हे कसे साधते त्याचा हिशेब सोपा आहे. समजा, पन्नास गुरांचा कळप आहे आणि प्रत्येक जनावर दिवसाला तीस लिटर पाणी पिते. म्हणजे दिवसाकाठी दीड हजार लिटर पाणी जमिनीतून वर येते. त्याचे तापमान आठ अंश धरले, तर गोठणबिंदूला येईपर्यंत ते बारा हजार किलोकॅलरी उष्णता देऊ शकते. ही उष्णता सुमारे चौदा युनिट विजेइतकी झाली. म्हणजे गुरे पीत राहिली की प्रत्येक घोटागणिक जमिनीतील ऊब आपोआप वर ओढली जाते. परंतु कळप लहान असेल, किंवा गुरे दुसऱ्या कुरणात नेली असतील, तर नवे पाणी येत नाही, आणि तेच पात्र दोन-तीन रात्रींत गोठते. म्हणून पात्राचा आकार कळपाच्या मानाने निवडावा लागतो. मोठ्या पात्रावर थोडी जनावरे ठेवणारा शेतकरी फसतो.

कॅनडाच्या अल्बर्टा प्रांतात रिंबी नावाचे गाव आहे. तेथील एका पशुपालकाने हा विचार आणखी पुढे नेला. त्याने पंपच गाईच्या नाकाशी आणून ठेवला. खोल पुरलेल्या रुंद नळ्याच्या तोंडावर एक लहान द्रोण असतो, त्यात एक दांडा असतो. गाय नाकाने दांडा ढकलते आणि प्रत्येक ढकलीबरोबर खालचे पाणी द्रोणात येते. उरलेले पाणी पुन्हा खाली उतरते. वारा नको, वीज नको, मालकही नको. दीड शतकापूर्वी वाऱ्याने जे काम केले ते आता गाय स्वतः करते, आणि नळ रिकामा ठेवण्याची ती जुनी युक्ती तिच्या मदतीला असते.

मग बर्फच खाऊन गुरे जगणार नाहीत काय, अशी शंका कोणी घेईल. कॅनडातील संशोधक एलन डेगन आणि ब्रूस यंग यांनी १९८० च्या दशकात आणि त्याच्या आगेमागे मेंढ्या आणि गाभण गाई यांच्यावर याची परीक्षा केली. मऊ, स्वच्छ आणि मुबलक बर्फ मिळाले तर अशा जनावरांचे त्यावर भागते. ती एकदम न खाता दिवसभर थोडे थोडे चाटतात. परंतु यातून सोयीस्कर निष्कर्ष काढणे योग्य नव्हे. तुडविलेले किंवा कठीण कवच धरलेले बर्फ खाता येत नाही, आणि वासराला पाजणाऱ्या किंवा दूध देणाऱ्या गाईची गरज अशा चाटण्याने भागत नाही. १८८६-८७ च्या कळपांभोवतीही बर्फ होतेच.

आपल्या देशात हा प्रश्न हिमालयापलीकडच्या पट्ट्यात भेटतो. लडाखमध्ये जुन्या पद्धतीच्या घरांत तळमजल्यावर जनावरे आणि वर माणसे राहतात. हिवाळ्यात दोघांची ऊब एकमेकांच्या उपयोगी पडते. विस्कॉन्सिनच्या गोठ्याने जे साधले, ते येथील गृहरचनेला आधीपासूनच अवगत होते. चांगथांगच्या पठारावर पश्मिना शेळ्या आणि याक पाळणाऱ्या भटक्या कुटुंबांची गोष्ट निराळी आहे. त्यांना न पुरलेला नळ उपयोगाचा, न जड पाणपात्र. हिवाळ्यात तेथील पारा शून्याखाली तीस अंशांपर्यंतही उतरतो, आणि ओढे व तळी गोठून जातात. त्यांच्या प्रदेशात पाण्याची कोणतीही योजना आखताना पुण्या-नागपूरच्या जमिनीत दोन-अडीच फुटांवर टाकलेल्या नळाचा नकाशा उपयोगी पडणार नाही. तेथे गोठणरेषा किती खोल आहे, याची चौकशी प्रथम केली पाहिजे.

या इतिहासाकडे मागे वळून पाहिले तर तीन टप्पे स्पष्ट दिसतात. प्रथम माणसाने बर्फ फोडले. त्यानंतर अग्नीने आणि विजेने त्याच्याशी झुंज घेतली. आणि अखेर त्याला उमगले की, पायांखाली आठ फुटांवर जे पाणी हिवाळाभर पातळच असते, त्याला वर येताना फक्त थोडे जपावयाचे आहे. आज तिन्ही पद्धती एकाच वेळी नांदत आहेत. एखाद्या ओढ्यावर अजूनही कुऱ्हाड चालते, हजारो वाड्यांत विजेची तार तापते, आणि कुठे केवळ गाईचे नाक आणि जमिनीची ऊब यांवर भागते. कोणती पद्धत निवडावी हे थंडी, कळप आणि खिसा यांनी ठरवावे. मात्र निवड न करणे हा पर्याय खुला नाही. कुंपण घालणाऱ्याने पाण्याचे ऋण पत्करलेलेच असते. ते ऋण फेडण्याची मुदत उन्हाळ्याबरोबर संपत नाही.